पुकारा झाला आणि कोणी नव्हतं

या वेळच्या टपालात एकाच दुखण्याची पत्रं बरीच आली. दिवाणी अपील चार-सहा वर्षं कोर्टात पडून होतं, एका तारखेला पुकारा झाला तेव्हा आपल्या बाजूनं कोणी उभं नव्हतं, आणि अपील काढून टाकलं गेलं. म्हणून हा सगळा भाग त्याच विषयाला दिला आहे. पत्रांतली नावं, गट नंबर आणि अपिलाचे क्रमांक वगळले आहेत.

प्रश्न (फलटण): बांधाच्या अतिक्रमणाच्या दाव्यात तालुका कोर्टानं आमच्याविरुद्ध निकाल दिला, ९ गुंठ्यांचा ताबा सोडायला सांगितला. आम्ही जिल्हा न्यायालयात अपील केलं, स्थगितीही मिळाली. मे महिन्यात दरखास्तीची (निकाल अमलात आणण्याच्या अर्जाची) नोटीस आली तेव्हा कळलं की अपील ६ मार्चलाच 'डिसमिस इन डिफॉल्ट' झालंय. आता हायकोर्टात सेकंड अपील करायचं का? कळल्या दिवसापासून तीस दिवस मिळतात असं गावात सांगतात, ते खरं का?

उत्तर: दोन्ही प्रश्नांना उत्तर 'नाही' असंच आहे.

आधी सेकंड अपिलाचं. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम २(२) मध्ये हुकूमनामा (डिक्री, म्हणजे पक्षांच्या हक्कांचा निवाडा करणारा निकाल) कशाला म्हणायचं ते सांगितलंय आणि गैरहजेरीमुळे काढून टाकण्याचा आदेश त्यातून स्पष्ट वगळलाय. जिल्हा न्यायालयाचा हुकूमनामाच नाही, तर कलम १०० खालचं सेकंड अपील कशाविरुद्ध करणार? तुमचा रस्ता त्याच जिल्हा न्यायालयात आहे. अपील संहितेच्या आदेश ४१ (अपिलांविषयीचं प्रकरण) नियम १७ खाली निघालं असेल, तर नियम १९ खाली ते 'मूळ नंबरवर परत घ्यावं' असा अर्ज करायचा. पुकाऱ्याच्या वेळी हजर राहता आलं नाही याला पुरेसं कारण होतं हे सिद्ध झालं, तर कोर्टाला अपील परत घ्यावंच लागतं. खर्चाची किंवा दुसरी एखादी अट मात्र घालता येते.

आता मुदत. इथंच सगळ्यात जास्त माणसं बुडतात. मुदत कायदा, १९६३ चा अनुच्छेद १२२ अशा अर्जाला ३० दिवस देतो, आणि ते मोजायचे अपील काढून टाकल्याच्या तारखेपासून. तुम्हाला कधी कळलं याच्याशी त्याचा संबंध नाही. कळल्यापासूनची सवलत शेजारच्या अनुच्छेद १२३ मध्ये आहे. ती उत्तरवादीसाठी आहे, म्हणजे ज्याला नोटीसच लागली नाही आणि ज्याच्या पाठीमागे अपील एकतर्फी चाललं त्याच्यासाठी. गावातलं ऐकीव बहुधा तिथून आलंय.

तुमचा हिशेब असा. ६ मार्च हा दिवस सोडायचा, ७ मार्च पहिला दिवस. ३१ मार्चला २५ दिवस भरले, ५ एप्रिलला ३०. त्या दिवशी रविवार किंवा कोर्टाची सुट्टी असेल तर कलम ४ प्रमाणे पुढच्या कामाच्या दिवशी अर्ज चालतो. तुम्ही १८ मेला अर्ज दाखल केलात असं धरा. ६ ते ३० एप्रिल २५ दिवस आणि मे महिन्याचे १८, एकूण ४३ दिवसांचा उशीर. तेवढ्या उशिराच्या माफीसाठी कलम ५ खाली शपथपत्रासह वेगळा अर्ज हवा. उशीर असेल तर सहसा आधी विलंबमाफीचा किरकोळ अर्ज चालतो, तो मंजूर झाला की मूळ नंबरवर घेण्याचा. दोन्ही एकाच दिवशी दाखल करा.

आणखी एक खड्डा. 'आदेशाची नक्कल मिळू द्या, मग अर्ज करू' असं म्हणत लोक थांबतात. नक्कल मिळवण्यात गेलेला वेळ वजा करण्याची सोय कलम १२(२) मध्ये आहे, पण ती अपील, अपिलाची परवानगी, रिव्हिजन आणि रिव्ह्यू यांच्यासाठी. मूळ नंबरवर घेण्याचा अर्ज त्या यादीत नाही. नकलेचा अर्ज जरूर द्या, पण तिच्यासाठी अडून बसू नका.

अर्ज लिहिण्याआधी ६ मार्चचा आणि त्याआधीच्या दोन-तीन तारखांचा रोजनामा (त्या दिवशीच्या कामाची कोर्टाची नोंद) वाचा. ई-कोर्ट्सच्या ॲपवर प्रकरणाच्या इतिहासात मागच्या तारखेवर बोट ठेवलं की त्या दिवशी काय झालं ते दिसतं, पण तिथं कधी एकच ओळ असते. म्हणून फाईलची पाहणी घ्या. साधारण नोंद अशी सापडेल: 'अपीलदार व त्यांचे वकील वारंवार पुकारले असता गैरहजर. उत्तरवादीचे वकील हजर. मागील तीन तारखांना अपीलदार गैरहजर. अपील चालविण्यात स्वारस्य दिसत नाही. सबब अपील गैरहजेरीत काढून टाकण्यात येते.' यात दोन गोष्टी तपासायच्या. त्या दिवशी अपील सुनावणीसाठी होतं की नोटीस बजावणीसाठी, तालुका कोर्टाचं रेकॉर्ड येण्यासाठी? नियम १७ सुनावणीसाठी ठेवलेल्या दिवसाबद्दल बोलतो. दुसऱ्याच कामासाठी नेमलेल्या तारखेला अपील काढलं असेल, तर तो मुद्दा अर्जात पहिल्या परिच्छेदात घ्या. आणि मागच्या तारखांच्या गैरहजेरीनं फार घाबरू नका. एकतर्फी हुकूमनाम्याच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं (जी. पी. श्रीवास्तव विरुद्ध आर. के. रायजादा, २०००) सांगितलं की पुरेसं कारण बघायचं ते ज्या दिवशी गैरहजेरीचा फटका बसला त्या दिवसाचं, आधीच्या दिवसांचं नव्हे. तत्त्व अपिलालाही लावून मागता येतं.

मग कारण. त्या एका दिवशी, त्या वेळी, तुम्ही किंवा वकील का नव्हता? आजारपण असेल तर केसपेपर, वकील दुसऱ्या कोर्टात युक्तिवादात अडकले असतील तर तिथल्या रोजनाम्याची प्रत, तारीख डायरीत चुकीची उतरली असेल तर त्या पानाची झेरॉक्स आणि वकिलांचं किंवा त्यांच्या कारकुनाचं शपथपत्र. नुसतं 'नजरचुकीनं' किंवा 'अपरिहार्य कारणामुळं' लिहिलेले अर्ज रोज फेटाळले जातात, आणि ते योग्यच आहे. अर्जाची चार पानं तुमची जमीन कशी खरी तुमची आहे यात घालवू नका. तो अपिलाचा विषय आहे. या अर्जात कोर्ट तो बघणार नाही.

अपील गेलं तशी स्थगितीही गेली. म्हणून त्याच अर्जासोबत दरखास्तीला अंतरिम स्थगिती मागा. दरखास्त कोर्टात हजर राहून, मूळ नंबरवर घेण्याचा अर्ज दाखल असल्याची पोच जोडून वेळ मागा. बेलिफ ताबा वॉरंट घेऊन बांधावर आल्यावर हे करता येत नाही. अपील परत घेतल्यावर आधीची स्थगिती आपोआप जिवंत होते का, यावर सर्वोच्च न्यायालयात मतभेद झाले होते. दाव्याच्या बाबतीत बहुमतानं (वरीद जेकब विरुद्ध सोसम्मा गीवर्गीस, २००४) सांगितलं की न्यायालयानं वेगळं म्हटलं नसेल तर दावा परत घेतल्यावर जुने अंतरिम आदेशही परत येतात. तरी वाद ठेवूच नका. 'पूर्वीची स्थगिती पुढे चालू राहील' ही ओळ आदेशात मागून घ्या.

प्रश्न (नाशिक): वकिलांना आम्ही वेळेवर फी दिली, प्रत्येक वेळी 'तुम्ही येऊ नका, मी बघतो' म्हणाले. तेच गेले नाहीत. चूक त्यांची, शिक्षा आम्हाला?

उत्तर: या प्रश्नाचं सरळ उत्तर कायद्यात नाही, दोन प्रवाह आहेत.

एकीकडे रफिक विरुद्ध मुन्शीलाल (१९८१). वकील नेमून, फी देऊन, विश्वासानं घरी बसलेल्या पक्षकाराला वकिलाच्या गैरहजेरीची झळ बसू नये, असं सर्वोच्च न्यायालय तिथं म्हणालं. अपीलदारांचे वकील अजूनही सगळ्यात आधी याच निकालाचा आधार घेतात. दुसरीकडे सलिल दत्ता प्रकरण (१९९३): रफिकमधलं तत्त्व हा सरसकट नियम नाही. पक्षकार कोण आहे, किती शिकलेला आहे, कोर्टाच्या गावात राहतो का, त्यानं स्वतः किती लक्ष दिलं हे बघायचं. आणि अलीकडे, नोव्हेंबर २०२४ मध्ये, रजनीश कुमार विरुद्ध वेद प्रकाश या निकालात सर्वोच्च न्यायालयानं बजावलं की सगळं खापर वकिलावर फोडून पक्षकाराला सुटता येत नाही, आपल्या प्रकरणाकडे लक्ष ठेवणं हे त्याचंही काम आहे.

आमचं मत असं की २०२४ नंतर नुसत्या 'वकिलांनी सांगितलं नाही' या एका वाक्यावर अर्ज तोलून धरणं धोक्याचं आहे. तुम्ही स्वतः काय केलंत ते दाखवा. वकिलांना केलेले फोन, व्हॉट्सॲपवरची 'पुढची तारीख कळवा' अशी विचारणा, फी पाठवल्याची यूपीआयची नोंद, हे सगळं तारखेनिशी शपथपत्रात येऊ द्या. मेसेजचे स्क्रीनशॉट जोडायचे असतील तर इलेक्ट्रॉनिक पुराव्यासोबत लागणारं प्रमाणपत्र नवीन वकिलांकडून आधीच तयार करून घ्या. म्हणजे ऐन वेळी हरकत येत नाही.

जुन्या वकिलांविरुद्ध तक्रार करायची की नाही हा तुमचा वेगळा निर्णय. पण त्यांच्याकडून साधं शपथपत्र मिळण्याची शक्यता असेल तर तक्रारीआधी ते मिळवा. 'माझ्याकडून तारीख चुकीची नोंदली गेली' असं खुद्द वकिलांनी लिहून दिलेलं एक पान तुमच्या दहा आरोपांपेक्षा कोर्टात जास्त चालतं.

प्रश्न (लातूर): आदेशात लिहिलंय: 'अपीलदार गैरहजर. उत्तरवादीच्या वकिलांचं म्हणणं ऐकलं. खालच्या कोर्टाचा निकाल योग्य वाटतो. अपिलात तथ्य नाही. अपील फेटाळण्यात येते.' हेही डिफॉल्टच का?

उत्तर: नाही, आणि असं करायचं नसतं. नियम १७(१) ला १९७६ च्या दुरुस्तीनं एक स्पष्टीकरण जोडलं गेलं: अपीलदार गैरहजर असेल तर या पोटनियमाखाली गुणदोषांवर (वादाचं खरं-खोटं तपासून) अपील फेटाळण्याचा अधिकार कोर्टाला नाही. काढून टाकायचं तर गैरहजेरीमुळे काढा, नाहीतर पुढची तारीख द्या. तिसरा पर्याय नाही. सर्वोच्च न्यायालयानं हे अब्दुर रहमान विरुद्ध अतिफा बेगम (१९९६) मध्ये सांगितलं आणि बेनी डिसोझा विरुद्ध मेल्विन डिसोझा (२०२३) मध्ये पुन्हा. त्यामागचं कारणही सरळ आहे. गैरहजेरीचा आदेश नियम १९ खाली उलटवता येतो. गुणदोषांवरचा निकाल मात्र तसा उलटवता येत नाही, म्हणजे माणूस दोन्हीकडून अडकतो.

तुमच्या आदेशाचं रूप गुणदोषांवरच्या निकालाचं आहे, म्हणून हायकोर्टात कलम १०० खाली सेकंड अपील करा. मुदत ९० दिवस, आणि इथं नकलेचे दिवस वजा होतात. कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न आयता आहे: नियम १७ चं स्पष्टीकरण डावलून गैरहजर अपीलदाराचं अपील गुणदोषांवर फेटाळता येतं का? असं अपील मान्य झालं तर साधारणपणे प्रकरण जिल्हा न्यायालयाकडे पुन्हा सुनावणीसाठी परत जातं. हायकोर्ट तिथं तुमची जमीन मोजत बसत नाही, म्हणून अपेक्षा तेवढीच ठेवा.

(जाता जाता: फौजदारी अपिलाला हा सगळा प्रकार लागू नाही. बनी सिंग विरुद्ध उत्तर प्रदेश, १९९६, या निकालाप्रमाणे आरोपीचं किंवा त्याच्या वकिलाचं येणं झालं नाही म्हणून फौजदारी अपील काढून टाकता येत नाही, ते रेकॉर्ड वाचून गुणदोषांवरच निकाली काढावं लागतं. दोन्ही प्रकारची अपिलं चालू असणाऱ्यांचा इथं हमखास गोंधळ होतो.)

प्रश्न (सांगली): आमचं सेकंड अपील मुंबईला दाखल होतं, ॲडमिशनवर (सुनावणीला घ्यायचं की नाही या टप्प्यावर) होतं. ते कोल्हापूरला गेलं. मुंबईचे वकील कोल्हापूरचा बोर्ड (रोजच्या प्रकरणांची यादी) बघत नव्हते. अपील निघालं.

उत्तर: मुंबई उच्च न्यायालयाचं कोल्हापूर सर्किट बेंच १८ ऑगस्ट २०२५ पासून चालू झालं. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे त्याच्याकडे आहेत. अर्ज जिथं अपील निघालं तिथंच करा, म्हणजे कोल्हापूरला.

ॲडमिशनच्या टप्प्यावर गैरहजेरीत निघालेलं अपील नियम ११(२) खाली जातं. नियम १९ मध्ये नियम ११(२) आणि नियम १७ दोन्हींचा उल्लेख आहे, आणि आदेश ४२ मुळे आदेश ४१ चे नियम सेकंड अपिलालाही लागतात. म्हणून रस्ता तोच, मुदत तीच ३० दिवसांची.

कारण म्हणून बेंच बदलल्याचं सांगणं पहिल्या काही महिन्यांत सहज पटणारं होतं. जसजसे दिवस जातील तसतसं 'वकिलांना माहीत नव्हतं' हे पचणं अवघड होत जाईल. अर्जात नेमकं लिहा: अपील कोल्हापूरच्या बोर्डावर पहिल्यांदा कधी लागलं, तुमच्या वकिलांना ते कधी दिसलं, कोल्हापुरात वकील कधी नेमले. नवीन वकीलपत्र अर्जासोबतच द्या, 'नंतर दाखल करतो' म्हणू नका.

प्रश्न (अकोला): वकिलांनी 'नो इन्स्ट्रक्शन्स'ची (पक्षकाराच्या सूचना नाहीत अशी) पर्सिस, म्हणजे लेखी निवेदन, देऊन अंग काढून घेतलं. त्याच दिवशी कोर्टानं अपील काढलं. आम्हाला काहीच कळवलं नाही.

उत्तर: तुमची बाजू भक्कम आहे. वकीलपत्र नुसत्या पर्सिसनं संपत नाही. आदेश ३ नियम ४ प्रमाणे त्याला कोर्टाची परवानगी लागते. वकिलानं सूचना नाहीत म्हणून अंग काढल्यावर पक्षकाराला नोटीस काढून कळवणं हे न्यायाच्या दृष्टीनं गरजेचं आहे, असं सर्वोच्च न्यायालयानं ताहिल राम सदारंगानी (१९९३) आणि मलकियत सिंग (१९९८) या निकालांत सांगितलंय. पर्सिसची नक्कल काढा. तिच्यासोबत तुम्हाला पाठवलेल्या नोटिशीची पोस्टाची पावती आहे का ते बघा. नसेल, तर अर्जाचा पहिला आणि जवळजवळ शेवटचा मुद्दा तोच.

प्रश्न (म्हापसा): वकील वारले. त्यांच्या ऑफिसात आता कोणी नाही. अपील निघाल्याचं आठ महिन्यांनी कळलं.

उत्तर: वकिलाच्या मृत्यूनं वकीलपत्र संपतं, हेही त्याच नियम ४ मध्ये आहे. मृत्यूचा दाखला किंवा बार असोसिएशनचं पत्र जोडा. मात्र आठ महिन्यांपैकी पहिला भाग या कारणानं झाकला जाईल, नंतरचा नाही. वकील गेल्याचं तुम्हाला कधी कळलं आणि त्यानंतर फाईल मिळवायला काय काय केलंत, ते महिन्यावार मांडा. विलंबमाफीत अडचण येते ती याच दुसऱ्या भागात.

प्रश्न (बारामती): आमचे विरोधक वारले, वारस लावायचे राहिले. आता अपील 'ॲबेट' झालं म्हणतात. हेही मूळ नंबरवर घेता येईल का?

उत्तर: हा वेगळा आजार आहे, औषधही वेगळं. वारस रेकॉर्डवर घेण्याची मुदत मृत्यूपासून ९० दिवस (अनुच्छेद १२०). ती उलटली की त्या उत्तरवादीपुरतं अपील आपोआप संपुष्टात येतं, त्याला वेगळा आदेशही लागत नाही. मग पुढच्या ६० दिवसांत (अनुच्छेद १२१) ॲबेटमेंट रद्द करण्याचा अर्ज, आदेश २२ नियम ९ खाली. तेही उलटलं तर कलम ५. थोडक्यात, एकशे एकावन्नाव्या दिवशी आलेल्या माणसाला तीन अर्ज करावे लागतात: वारस लावण्याचा, ॲबेटमेंट रद्द करण्याचा आणि विलंबमाफीचा.

वाटपाच्या किंवा सगळ्यांच्या नावे असलेल्या अविभाज्य हुकूमनाम्यात एकाच उत्तरवादीच्या बाबतीत ॲबेट झालं तरी सगळं अपील बुडू शकतं. स्टेट ऑफ पंजाब विरुद्ध नाथू राम (१९६२) हा त्यावरचा जुना, अजून उभा असलेला निकाल. मृत्यूची माहिती कोर्टाला देणं हे उत्तरवादीच्या वकिलाचंही काम आहे (आदेश २२ नियम १०अ). त्यांनी दिली नसेल तर ते अर्जात ठळकपणे लिहा.

प्रश्न (जळगाव): आम्ही उत्तरवादी. दावा आम्ही जिंकलो, समोरच्यांचं अपील गैरहजेरीत निघालं. आमची क्रॉस ऑब्जेक्शनही (निकालातल्या आमच्याविरुद्धच्या भागावरची हरकत) त्याच अपिलात होती. दरखास्त लगेच दाखल करावी की ते परत अर्ज करतात का याची वाट बघावी?

उत्तर: वाट बघू नका. स्थगिती उरली नसेल तर दरखास्त दाखल करा. ताबा किंवा रकमेच्या हुकूमनाम्याची मुदत १२ वर्षं (अनुच्छेद १३६), आज्ञात्मक मनाईची (अमुक गोष्ट कराच असं सांगणाऱ्या हुकुमाची) मात्र फक्त ३ वर्षं (अनुच्छेद १३५). ही मुदत मूळ हुकूमनाम्याच्या तारखेपासून मोजून चाला. गैरहजेरीत निघालेल्या अपिलानं नवीन तारीख मिळते या भरवशावर राहणं महागात पडतं. हुकूमनामा दोन वर्षांपेक्षा जुना असेल तर आदेश २१ नियम २२ ची नोटीस आधी जाईल, तेवढा वेळ धरा.

समोरचे मूळ नंबरवर घेण्याचा अर्ज करून एकतर्फी स्थगिती आणतील अशी शंका असेल तर जिल्हा न्यायालयात कॅव्हेट (आम्हाला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नये अशी सूचना) टाका. ते ९० दिवस चालतं, नंतर नव्यानं टाकावं लागतं.

आणि क्रॉस ऑब्जेक्शन अपिलासोबत मरत नाही. आदेश ४१ नियम २२(४) स्पष्ट सांगतो: मूळ अपील मागे घेतलं किंवा गैरहजेरीत निघालं तरी, इतर पक्षांना योग्य वाटेल ती नोटीस देऊन क्रॉस ऑब्जेक्शन ऐकून निकाली काढता येते. अपील काढताना कोर्टानं तुमच्या क्रॉस ऑब्जेक्शनचा उल्लेखच केला नसेल, तर ती बोर्डावर घ्यावी असा अर्ज द्या. वकीलसुद्धा हे बऱ्याचदा विसरतात.

प्रश्न (ठाणे): मूळ नंबरवर घेण्याचा अर्जच फेटाळला गेला. पुढं?

उत्तर: त्याविरुद्ध अपील आहे, आदेश ४३ नियम १(टी) खाली. जिल्हा न्यायालयाचा आदेश असेल तर हायकोर्टात 'अपील फ्रॉम ऑर्डर', मुदत ९० दिवस, नकलेचे दिवस वजा. त्याच्या निकालावर मात्र पुन्हा अपील नाही, कलम १०४(२) ते अडवतं. अर्ज फेटाळला गेला नसून तोही तुमच्या गैरहजेरीत निघाला असेल, तर त्याच कोर्टात कलम १५१ खाली तो अर्ज पुन्हा बोर्डावर घेण्याची विनंती करतात. पण दुसऱ्यांदा गैरहजर राहिलेल्या माणसाकडे कोर्ट कसं बघेल ते सांगायला नको.

प्रश्न (पुणे): मी नोकरीनिमित्त बाहेर असतो. पुन्हा असं होऊ नये म्हणून घरबसल्या लक्ष कसं ठेवायचं?

उत्तर: वकिलांकडून १६ अक्षर-अंकांचा सीएनआर नंबर घ्या, ई-कोर्ट्सच्या ॲपमध्ये टाकून 'माय केसेस'मध्ये साठवा. आठवड्यातून एकदा बघा: पुढची तारीख कुठली आणि टप्पा काय. 'नोटीस' किंवा 'रेकॉर्ड'चा टप्पा असेपर्यंत धोका कमी. 'हिअरिंग' किंवा 'आर्ग्युमेंट' दिसलं की वकिलांना फोन करा, शक्य असेल तर त्या तारखेला स्वतः जा. पक्षकार हजर असेल तर वकील दुसऱ्या कोर्टात असले तरी 'साहेब, वकील येताहेत, थोडा वेळ द्या' इतकं म्हणता येतं. बऱ्याच वेळा तेवढ्यानं अपील वाचतं आणि दुपारच्या सत्रात पुन्हा पुकारलं जातं. टप्प्याच्या जागी 'केस डिस्पोज्ड' आणि खाली 'अनकंटेस्टेड, डिसमिस्ड इन डिफॉल्ट' दिसलं, तर ती तारीख लिहून घ्या. तीस दिवस तिथूनच मोजायचे. आणि पत्ता किंवा मोबाईल बदलला असेल तर वकिलांना आणि कोर्टाला, दोघांनाही लेखी कळवा.

प्रश्न (चिपळूण): हायकोर्टातलं अपील पुकाऱ्याविनाच निघालं. ऑफिसनं काढलेल्या हरकती दूर केल्या नाहीत म्हणे.

उत्तर: तुमच्या अपिलात सशर्त आदेश झालेला असणार: अमुक आठवड्यांत हरकती दूर करा, प्रोसेस फी भरा, नाहीतर कोर्टाच्या पुढील आदेशाशिवाय अपील काढून टाकलं गेलंय असं समजावं. तारीख उलटली की आदेश स्वतःच लागू होतो, कोणी पुकारत नाही. नोटीस बजावणीचा खर्च भरला नाही म्हणून निघालेलं अपीलही अनुच्छेद १२२ मध्येच येतं, म्हणून मुदत तीच. इथं अर्जात कारणापेक्षा कृती जास्त बोलते. हरकती आधी दूर करा, राहिलेली पानं टाईप करून घ्या, मराठी कागदांचं भाषांतर जोडा, फी भरा आणि 'सर्व हरकती दूर केल्या आहेत' हे अर्जातच लिहा. हरकती तशाच ठेवून नुसती माफी मागणारा अर्ज पुन्हा नव्या सशर्त आदेशात अडकतो.

प्रश्न (सोलापूर): अपील परत घेतलं, पण 'दोन आठवड्यांत उत्तरवादीला ३,००० रुपये खर्च द्यावा' या अटीवर. समोरचे वकील पैसे घ्यायलाच तयार नाहीत.

उत्तर: मग रक्कम कोर्टात जमा करा. नाझरकडे (कोर्टाचे पैसे सांभाळणाऱ्या अधिकाऱ्याकडे) चलन भरून पावती घ्या आणि मुदतीच्या आत पावतीसह पर्सिस दाखल करा: 'उत्तरवादीच्या वकिलांनी रक्कम स्वीकारण्यास नकार दिल्यानं ती कोर्टात जमा केली आहे.' ही पर्सिस फाईलवर गेली नाही तर दोन आठवड्यांनी समोरचे 'अट पाळली नाही, अपील परत आलंच नाही' म्हणून उभे राहतील. मुदत चुकतच असेल तर संपण्याआधी कलम १४८ खाली वाढवून मागा. संपल्यानंतर मागितलेली वाढ मिळवणं फार कठीण जातं. आणि पैसे स्वीकारले गेले तर वकिलांच्या सही-तारखेसह पोच घ्या, नुसत्या तोंडी 'मिळाले' वर राहू नका.